फवारणीतला हिरो

मारेगावकडच्या आमच्या गावातला मजूर मिलिंदभाऊ फवारणीला निघाला की नवरदेव निघाल्यासारखा निघतो. अंगात झगमगता पूर्ण बाह्यांचा शर्ट, कोपरापर्यंत रबरी मोजे, गमबूट, डोळ्यांवर आरशासारखा चष्मा, तोंडावर मास्क आणि पाठीवर औषधाचा पंप. आधी मोबाइल काठीला बांधतो, गाणं लावतो आणि कापसाच्या पऱ्हाटीतून झुलत चालत येतो. "लुक खराब नाही झाला पाह्यजे," एवढीच त्याची विचारसरणी.

माझं डोकं फिरायचं. बोंडअळीनं कापूस पोखरलेला, भाव पडलेला आणि ह्याचे रोज नवे व्हिडिओ. तहसीलवरच्या मोर्चाची पत्रकं घेऊन मी शेतात गेलो, तर त्यानं माझ्याच हातात मोबाइल दिला.

"वाचतो ना बावा. पह्यले व्हिडिओ काढ. बूट दिसू दे."

"फवारता फवारता माणसं मरून राह्यले, भाऊ. तुमाले बुटाचं पडलं?"

"म्हणूनच तं," तो म्हणाला. "पोट्ट्याइले म्हनलं, तोंड बांधा, मोजे घाला. तं म्हनते, आमी काय बाया हाओ? आता पाह्य."

त्याच्या मागून तीन पोरं पंप घेऊन आली. चष्मे, मोजे, तोंडं बांधलेली. चाल हुबेहूब मिलिंदभाऊची. मी व्हिडिओ काढला, पण राग गेला नाही, फक्त त्याचा पत्ता बदलला. विषाची बाटली विकणाऱ्या दुकानदारानं सोबत साधे मोजे देऊ नयेत, शिकवायचा पगार घेणाऱ्या कृषी अधिकाऱ्यानं बांधावर पाय ठेवू नये आणि पोरांचे जीव वाचवायला एका मजुरानं भर उन्हात नाचावं? हे राज्य कोणाचं आहे?

मोबाइल माझ्याकडेच राहिला होता, तो द्यायला संध्याकाळी त्याच्या घरी गेलो. खाटेवर त्याचा धाकटा भाऊ संदीप बसला होता. मागच्या हंगामात तो उघड्या अंगानं फवारायला गेला. दवाखान्यातून जिवंत आला, नजर मात्र गेली. मिलिंदभाऊ त्याला खेटून बसला आणि त्यानं व्हिडिओ लावला.

"शर्ट कोनता घातला?" संदीपनं विचारलं.

"पिवळा. शेटावानी दिसून राह्यलो."

"अन् मांगं कोन हाय?"

"तिघंही पोट्टे."

गाणं संपेपर्यंत संदीपनं कान मोबाइलला लावून ठेवला.

"तोंडं बांधले त्याइनं?"

"बांधले."

"परत लाव," संदीप म्हणाला.