अनारशाचा एक तृतीयांश

"पोरीला अपूर्णांक मीच शिकवतो," असं मी राजेश्रीला म्हणलं, तेव्हा ती चपला घालून बाहेर पडायलाच निघाली होती. ती तशीच गेली असती, तर पाच मिनिटांत मी ते विसरलो असतो आणि पेपर उघडून बसलो असतो. पण ती दारात थांबली, वळून माझ्याकडं बघितलं आणि म्हणली, "तुमी?"

एवढंच. पण बायकोनं असं 'तुमी?' विचारल्यावर माघार घेणारा नवरा आमच्या परभणीत अजून मला भेटलेला नाही. (भेटला तर त्याच्याकडं मला बरंच शिकायचंय.)

माधवी पाचवीत आहे. तिच्या बाईंनी मला शाळेत बोलावून सांगितलं होतं, की पोरगी सगळ्या विषयांत बरी आहे, फक्त एक तृतीयांश हा अर्ध्यापेक्षा मोठा असतो असं ती छातीठोकपणे सांगते. का? तर तीन हा दोनापेक्षा मोठा. सोमवारी चाचणी होती. मी सरकारी कचेरीत टपालाची आवक-जावक बघतो. गणिताशी माझा संबंध महागाई भत्त्याच्या टक्क्यापुरता. पण पाचवीचं गणित ते काय.

"शिकवा," राजेश्री म्हणली. "पण त्या डब्याला हात लावू नका."

डब्यात अनारसे होते. अधिक महिना चालू होता, धोंड्याचा. तीन वर्षांनी येतो, आणि तेव्हा जावयाला जेवायला बोलवून तेहतीस अनारसे वाण द्यायचे असतात. आमचे वडील नाहीत, त्यामुळं बहिणीच्या नवऱ्याचा मान माझ्या घरून. माझी बहीण सविता आणि तिचे मालक, महारुद्र दाजी, त्याच संध्याकाळी पाथरीहून येणार होते. दाजी मनानं चांगले आहेत, पण अनारसे मोजून घेतात. मागच्या धोंड्याला बत्तीस भरले. कसे, ते देवाला ठाऊक. तेव्हापासून सविताच्या सासरी कुठंही काही कमी पडलं, चहात साखर कमी पडली तरी, "तुमच्या माहेरची पद्धतच हाय" असं तिला ऐकावं लागत होतं. सकाळीच तिचा फोन आला होता.

"दादा, मला साडी नको, काही नको. औंदा तेहतीस म्हणजे तेहतीस. न्हाईतर अजून तीन वर्षं मला तेच ऐकावं लागतंय बघ."

"तू काळजीच करू नको," मी म्हणलं होतं.

राजेश्रीनं तांदूळ भिजवण्यापासून सगळं स्वतः केलं होतं. तुपात एकही अनारसा हसला नव्हता, म्हणजे विरघळून पसरला नव्हता. ती ताम्हण आणायला बाजारात गेली, आणि मी माधवीला समोर बसवलं.

आधी वहीत गोल काढला. "ही भाकरी समज."

"ही तर वांग्यासारखी दिसायलीय, बाबा."

दुसरा गोल काढला. तो पहिल्यापेक्षा जास्त वांगं झाला. भाकरीचा डबा उघडला तर रिकामा. तेव्हा मला वाटलं, एक अनारसा घ्यावा. एकानं काय होतं? कोणतीही शहाणी बाई चार जास्तीचे करतेच. (तिनं पुरते तेहतीसच केले होते, हे मला पुढं सविस्तर समजावून सांगण्यात आलं.)

"हा एक. ह्याचे दोन सारखे हिस्से केले की अर्धा," म्हणून मी तो मोडला. तो मोडला, पण माझ्या मनात होतं तिथं नाही.

"हे सारखे कुठंत?"

"हा जरा मोठा अर्धा हाय."

"मोठा अर्धा असतो का?"

मी दुसरा अनारसा घेतला. ह्या वेळी सुरी लावली. त्याचे पाच तुकडे झाले. तिसऱ्याला अडकित्ता लावला. तिथं मात्र काम झालं, दोन हिस्से अगदी सारखे. मग चौथ्याचे तीन केले आणि त्यातला एक अर्ध्याशेजारी ठेवला.

"आता डोळे उघडून बघ. अर्धा मोठा का एक तृतीयांश?"

माधवीनं दोन्ही नीट बघितले. "एक तृतीयांश."

"अगं बघ की नीट."

"तुमी बघा."

मी बघितलं. एक तृतीयांश खरोखर मोठा होता. चौथा अनारसा मुळातच थाळीएवढा होता.

"तो मोठ्या अनारशाचा हाय," मी म्हणलं. "दोन्ही अनारसे सारखे घ्यायचे असतेत."

"मग पुस्तकात तसं का न्हाई लिहिलं?"

मी डबा पुढं ओढला आणि सारख्या मापाचे दोन शोधायला लागलो. राजेश्रीचा हात सढळ. डब्यात दोन अनारसे म्हणून एका मापाचे नव्हते. वाटी उपडी ठेवून बघितली, माधवीच्या कंपासनं व्यास घेतला. एक जोडी जमली, तर त्यातला एक अडकित्त्यात चुरला. दुसरी जमली, तर तिसरा हिस्सा दोन्हीकडच्यांपेक्षा बारीक निघाला. माझं डोकं फिरायला लागलं होतं.

"बाबा, हा भुगा कोणाच्यात धरायचा?"

"भुगा सोडून दे."

"मग तीन हिस्से मिळून पुरा एक होत न्हाई की."

"गणितात भुगा नसतो," मी ओरडलो.

तिनं गुपचूप तो भुगा तोंडात टाकला. पण आणखी दोन जोड्या मोडल्यावर पुढच्या जोडीला, कसं कोण जाणे, सगळं जुळलं. सारखे अनारसे, सारखे हिस्से. माधवीनं ते एकावर एक ठेवून बघितले आणि म्हणली, "म्हणजे हिस्से जितके जास्त करायचे, तितका एकेक हिस्सा बारीक. उलटं असतंय ते."

मला इतका आनंद झाला, की मी तिला उचलूनच घेतलं. तिला खाली ठेवताना दारात राजेश्री उभी दिसली, हातात नवं ताम्हण घेऊन.

तिनं खाली बसून डब्यातले अख्खे अनारसे मोजले. एकोणीस.

"चौदा मोडलेव तुमी."

"मोडले न्हाईत. विभागलेत. हिशोबानं बघितलं तर आजबी तेहतीसच भरतेत."

"मग दाजीला हिशोब वाढू?"

"गुळाच्या पाकात चिकटवून बघायचे का?"

तिनं माझ्याकडं जे बघितलं, त्यानंतर मी पाकाचं नाव काढलं नाही. तिचे डोळे भरून आले होते. आठ दिवस ती त्या पिठाच्या मागं होती, आणि मला खरंच लाज वाटली. सविताचं तोंड डोळ्यांपुढं आलं. दाजी ताटात अर्धुकं उचलून बघतायत, आणि ती मान खाली घालून उभी आहे. मी म्हणलं, बाजारातून आणतो. मोंढ्याच्या बाजारापासून स्टेशनपर्यंत अकरा दुकानदारांनी मला सांगितलं, की अधिकात अनारसे सकाळीच संपतात.

परत आलो तर राजेश्री फोनवर गंगाखेडला तिच्या आईशी बोलत होती. दुसऱ्या दिवशी माझं स्वतःचं धोंड्याचं जेवण सासुरवाडीला होतं आणि माझे तेहतीस तिथं तयार होते.

"माय, ह्यांच्यातले चौदा नागेशसंगं आत्ताच्या आत्ता धाडून दे. व्हय, चौदा. न्हाई, ह्यांची काहीच हरकत न्हाई."

मला कोणी विचारलं नव्हतं.

नागेश, माझा मेहुणा, मोटरसायकलवर निघाला, पण दाजी त्याच्याआधी पोचले. मी त्यांना चहा दिला. मग पुन्हा चहा दिला. तिसऱ्या चहाला दाजी म्हणले, "जेवण हाय ना आज?" मी पाथरीच्या पावसाची चौकशी केली, म्हशीची केली, साऱ्या भावकीची नावं घेऊन केली. सविता मला बाजूला घेऊन हळूच म्हणली, "दादा, भरलेत ना रे?" मी मान हलवली. कोणत्या दिशेनं, ते मलाच कळलं नाही.

तेवढ्यात मागच्या दारानं नागेश आला, धुळीनं माखलेला, पोटाशी डबा धरून.

जेवणानंतर राजेश्रीनं ताम्हणात दिवा ठेवून वाण दिलं. दाजींनी चष्मा लावला आणि मोजायला सुरुवात केली. विसाच्या पुढं गेल्यावर सविताचा श्वास मला ऐकू यायला लागला. "तेहतीस," दाजी म्हणले. त्यांनी पुन्हा एकदा मोजले. "पुरे तेहतीस. आन लय झकास." सवितानं पदर डोळ्यांना लावला आणि राजेश्रीचा हात धरून ठेवला.

दुसऱ्या दिवशी आम्ही गंगाखेडला. जेवण झालं, सगळी सासुरवाडी गोळा झाली आणि सासूबाईंनी माझ्यापुढं ताट ठेवलं. एका बाजूला एकोणीस अख्खे अनारसे. दुसऱ्या बाजूला परभणीहून राजेश्रीनं डब्यात भरून आणलेला माझा सगळा अभ्यास.

"मोजून घ्या, जावईबापू," सासूबाई म्हणल्या. "राजी म्हणली, हिशोबानं तेहतीस हायेत."

मी मोजायला लागलो. दोन अर्धे मिळून एक, तीन तृतीयांश मिळून एक, असं लावत लावत बत्तिसापर्यंत आलो. शेवटी ताटात एक अर्धा आणि एक तृतीयांश उरला. सगळे माझ्याकडं बघत होते.

"एक न् एक दोन, आणि खाली दोन न् तीन पाच," मी म्हणलं. "दोन पंचमांश. म्हणजे अर्ध्याच्या आतच."

"बाबा, निस्ता अर्धाच त्याच्याहून मोठा हाय," माधवी म्हणली. "अर्ध्यात आणखी मिळवलं, तर कमी कसं होईल? आधी छेद सारखे करायचे. सहाचे हिस्से धरायचे. तीन आणि दोन पाच. पाच षष्ठांश. एक षष्ठांशच कमी हाय, तो भुगा मी खाल्लाय."

सासूबाईंनी तिला जवळ ओढून तिच्या तोंडावरून हात फिरवला. "केवढं हुशार झालं गं माझं लेकरू. राजी, शिकवणी कोणाची लावलीस हिला?"

राजेश्री माझ्याकडं बघून पदराआड हसली.

"ज्याची असल त्याची," सासूबाई म्हणल्या, "पण त्याच्याकडं जावईबापूला बी घाल."