डॉक्टरसाहेबांची हिरवी चौकट

"गावाला कळवायचं काम माझ्यावर सोडा!" पेन्चोने भर कॉफीच्या दुकानात छाती ठोकून सांगितलं. "उद्या सकाळी आठच्या आत स्तुदेन ब्रोद गावातलं शेंबडं पोरसुद्धा सांगेल, आपले डॉक्टर मंत्री होतायत म्हणून!"

आठच्या आत गावाला कळलं, यात वाद नाही. काय कळलं, तेवढं विचारू नका.

पेन्चोचं छपाईचं दुकान नगरपालिकेला चिकटून. लग्नपत्रिका वर्षाकाठी चार, बाकी सगळा धंदा शोकपत्रकांचा. आमच्याकडे माणूस गेला की त्याचा फोटो, खाली ठळक नाव, त्याखाली बारीक अक्षरात चार गोड शब्द आणि भोवती चौकट, असा कागद छापतात. तो दिव्याच्या खांबांवर, बसथांब्यावर, पाववाल्याच्या काचेवर आणि गेलेल्याच्या दारावर लागतो. तीस वर्षांत अर्धं गाव पेन्चोच्या हातून भिंतीवर गेलं होतं.

डॉक्टर मुनीर सबाग एकोणिसाव्या वर्षी सीरियातून बल्गेरियात, राजधानी सोफियाला डॉक्टरकी शिकायला आले. पहिली नेमणूक आमच्या इस्पितळात, लहान मुलांच्या वॉर्डात झाली आणि ते इथलेच झाले. गोवर-गालगुंड बघता बघता नगरसेवक झाले, मग महापौर, मग खासदार. गावात सगळ्यात झणझणीत राकिया, म्हणजे फळांची दारू, तेच गाळतात, आणि स्वतः थेंबाला शिवत नाहीत! आता थेट आरोग्यमंत्री. टीव्हीवर बातमी आली होती: उद्या तीन वाजता संसदेत मतदान.

घोडं अडलं होतं दोन मतांवर. विरोधी बाकांवरचे क्रुम ताबाकोव रोज टेबल बडवत होते, "या देशात आपली माणसं संपली का, म्हणून परका आणताय?" डॉक्टर हरले, तर आमचा मुलांचा वॉर्ड बंद होणार हे ठरल्यात जमा होतं. पेन्चोच्या नातीला दमा. त्या वॉर्डात डॉक्टरांनी तिला दोनदा अक्षरशः ओढून परत आणली होती. म्हणून पेन्चोला वाटलं, टीव्हीवाले उद्या गावात येणार, त्यांना खांबाखांबावर डॉक्टर दिसले पाहिजेत!

"आधी कुणाला तरी दाखव," त्याची बायको रुस्का म्हणाली.

"तीस वर्षं छापतोय मी! दाखवायचंय काय?"

कॉम्प्युटरात साचा तयारच होता. फोटो टाकला, नाव टाकलं, खाली लिहिलं, 'मंत्रिपदासाठी गावाच्या मनापासून शुभेच्छा.' मग काळी चौकट बघून तो थबकला. इतका काही तो वेडा नव्हता! काळी काढली, हिरवी घातली. हिरवा म्हणजे वसंत, हिरवा म्हणजे औषधाच्या दुकानाची पाटी. स्वतःच्या अकलेवर खूश होऊन त्याने साठ कागद छापले आणि उजाडताच लावून आला. हाताला सवय होती तिथेच लावले. सवयीनेच एक डॉक्टरांच्या दारावरही लावला.

साडेसातला चर्चची घंटा वाजायला लागली. एकेक ठोका, संथ.

"कोण गेलं गं?" पेन्चोने कॉफी फुंकत रुस्काला विचारलं.

तेवढ्यात दुकानात गेना आजी शिरल्या. डोळे सुजलेले, हातात सहा कार्नेशन. सहा! सम संख्येची फुलं आमच्याकडे मेलेल्यालाच नेतात.

"काय हे रे पेन्च्या! काल तर मला गोळ्या लिहून दिल्या त्यांनी!"

"कुणी?"

"कुणी म्हणून काय विचारतोस मेल्या? तूच छापलंस ना!"

पेन्चोच्या हातातला कप खाली पडला. "आजी, अहो डॉक्टर जिवंत आहेत! खाली लिहिलंय, वाचा ना!"

"तो कागद कुणी वाचतं का? फोटो बघायचा, नाव बघायचं, छातीवर क्रॉस करायचा."

"पण काळी चौकट कुठाय? मी मुद्दाम हिरवी घातली!"

"मग? मुसलमान माणसाला तू हिरवीच घालतोस. वरच्या आळीतल्या इस्माईलला गेल्या महिन्यात कोणती घातलीस?"

पेन्चोने मनात मोजलं. इस्माईलला हिरवी. इस्माईलच्या बापाला हिरवी. तीस वर्षं हिरवी! करायला गेला गणपती आणि झाला मारुती!

तो तसाच सपाता घालून पळत सुटला. पहिल्याच खांबावरचा कागद त्याने टराटरा फाडला आणि बसथांब्यावरून एकच ओरडा झाला. कारण भिंतीवरचा मेलेला माणूस आमच्याकडे कुणी फाडत नाही. तो ऊनपावसाने जाईल तेव्हा जातो.

"लाज नाही वाटत? अजून मातीसुद्धा पडली नाही त्यांच्यावर!"

"अहो, ते मेलेच नाहीत!"

"दुःखाने डोकं फिरलं बिचाऱ्याचं," बायका एकमेकींना म्हणाल्या आणि दोघींनी त्याला धरून बाकावर बसवलं. तिसरीने उकडलेले गोड गहू त्याच्या तोंडात कोंबले. मयताचे गहू तोंडात असताना माणूस जिवंत आहे हे सांगणं फार कठीण असतं!

डॉक्टरांना फोन लावावा, तर लागेना. ते आदल्या दिवशीच डोंगरात सासुरवाडीला गेले होते आणि तिकडूनच परस्पर सोफियाला निघणार होते. तिथे फोनला रेंज नाही, आणि गाडी चालवताना ते फोन बंदच ठेवतात. त्यांच्या गाडीचा रेडिओ बंद पडून वीस वर्षं झाली.

"लागत नाही फोन!" पेन्चो ओरडला.

"कसा लागेल रे," गेना आजी हुंदका देत म्हणाल्या.

नऊ वाजता महापौरबाईंनी झेंडा अर्ध्यावर आणला. दहा वाजता टीव्हीवाले आले आणि त्यांना खरोखरच खांबाखांबावर डॉक्टर दिसले. अकराला सबंध देशाला धक्का बसला. पेन्चोने सोफियाला सतरा फोन केले. "मीच मारलं हो त्यांना! कागद माझा आहे!" असं रडत सांगितल्यावर पलीकडच्या बाईंनी त्याला पोलिसांचा नंबर दिला.

तीन वाजता अख्खं गाव कॉफीच्या दुकानातल्या टीव्हीसमोर जमलं. पंतप्रधानांनी डॉक्टरांना श्रद्धांजली वाहिली. आणि मग ताबाकोव उठले. तेच ताबाकोव!

"आपल्यातला सर्वांत खरा बल्गेरियन गेला," ते रुमाल काढून म्हणाले. "त्यांना मत देण्याचं भाग्य मला लाभलं नाही. हे शल्य मला जन्मभर राहील!"

सगळी संसद एक मिनिट स्तब्ध उभी राहिली. त्या शांततेत मागचं दार करकरलं आणि घामाघूम झालेले डॉक्टर मुनीर आत आले, हातात सासूने दिलेली लोणच्याची बरणी. सगळे मान खाली घालून उभे आहेत म्हटल्यावर तेही शिस्तीत मान खाली घालून उभे राहिले. मिनिट संपता संपता त्यांनी शेजारच्याला हळूच विचारलं, आणि माईक नेमका चालू होता:

"कोण गेलं हो?"

शेजारचा खासदार खुर्चीसकट कोसळला. पंतप्रधानांनी क्रॉस केला. ताबाकोवांचे डोळे पांढरे झाले, आणि कॅमेरा त्यांच्या थोबाडावरून हलेना! इकडे कॉफीच्या दुकानात गेना आजींनी हातातल्या सहा फुलांतलं एक मोडून टेबलाखाली टाकलं.

मतदान झालं. सगळा देश बघत असताना ताबाकोव आपलं शल्य कुठे लपवणार? हात वर गेला. त्यांच्या मागे आणखी अकरा. डॉक्टर मंत्री झाले आणि वॉर्ड वाचला. पेन्चो बाकावर बसून लहान मुलासारखा रडला.

संध्याकाळी फोन वाजला.

"पेन्चो, चौकट हिरवी का घातलीस?"

"डॉक्टरसाहेब, जोडे मारा मला! काळी नको म्हणून घातली. तुम्ही मुसलमान आहात हे... हे माझ्या ध्यानातच राहिलं नाही हो."

पलीकडे लोणच्याच्या बरणीचं झाकण उघडल्याचा आवाज आला.

"आज तिथे सगळे मला आपला म्हणाले," डॉक्टर म्हणाले. "पण मी मेलो असं वाटल्यावर. जिवंतपणी ते विसरलेला तू एकटाच. आता झोप. आणि पुढच्या वेळी केशरी घाल."

पेन्चोने शपथ घेतली, आता जिवंत माणूस कधी छापायचा नाही. ती दुसऱ्या दिवशी दहा वाजेपर्यंत टिकली.

"मी ताबाकोवसाहेबांचा सचिव बोलतोय," फोनवर कुजबुज आली. "वसंतात निवडणूक आहे. साहेबांना तुमचा तसा एक कागद हवा होता. चौकट कोणती बरी पडेल?"

"काळी," पेन्चो म्हणाला. "छापून देतो. पण रडायला माणसं तुमची तुम्ही आणा!"