रंगूतात्यांचे आठ

आमच्या साखर कारखान्यात सकाळचे आठ कधी वाजायचे, हे रंगूतात्या ठरवायचे. बॉयलरवरचा भोंगा त्यांच्या हातात होता. घड्याळाकडे ढुंकून बघायचं नाही, बघायचं ते रस्त्याकडे, ही त्यांची रीत. लोखंडी जिन्यावर उभं राहून, कपाळावर आडवा हात धरून बघत राहायचे. ओढ्याकडून कोणी सायकल हाणत येताना दिसला, की भोंग्याच्या साखळीवरचा हात काढून घ्यायचे. तो फाटकातून आत आला, की मग भोंगा. कधी आठला, कधी आठ वाजून सात मिनिटांनी.

तुम्ही म्हणाल, काय हा गलथान कारभार! म्हणा खुशाल. हजेरी मांडणं माझं काम होतं, आणि मी सांगतो, त्या सात मिनिटांत कारखान्याचं काडीचंही बुडत नव्हतं. सत्तर-एकाहत्तरचा हंगाम. उसाच्या बैलगाड्या मैल मैल रस्ता अडवून उभ्या. माणसं सायकली खांद्यावर घेऊन बैलांच्या शिंगांमधून वाट काढत यायची. रस्ता अडवायचा कारखान्यानं आणि खाडा मांडायचा कामगाराचा? हा कुठला न्याय?

तात्या काही साधुसंत नव्हते हं. फाटकासमोरच्या हॉटेलात कोणी बशीत चहा ओतून निवांत बसलेला दिसला, तर आठाला पाच कमी असतानाही भोंगा! एकदा मीच असा सापडलो. माझा अर्ध्या दिवसाचा खाडा मलाच माझ्या हातानं मांडावा लागला. भांडायला गेलो तर म्हणतात कसे, "भाऊसाहेब, पळनाऱ्यासाठी थांबतो मी. बसनाऱ्यासाठी न्हाई." आणि वर हसले. असा राग आला होता!

मग नवे मॅनेजर आले. मनगटावर घड्याळ आणि तोंडात एकच वाक्य, "मिनिट म्हणजे मिनिट!" पहिल्याच आठवड्यात तात्यांना मेमो. तात्यांनी सही केली आणि खाली लिहिलं, "वाचलं. पटलं न्हाई." तो कागद साहेबांना नेऊन द्यायची पाळी अर्थात माझ्यावर.

साहेबांनी बॉयलरवर भलंमोठं घड्याळ टांगलं, शेजारी शिपाई उभा केला. झालं, कारखाना शिस्तीत आला! इतका शिस्तीत, की संध्याकाळी पाचचा भोंगा झाला तेव्हा शंकर फिटर वाफेच्या गळक्या पाइपाखाली होता, एकच बोल्ट आवळायचा राहिला होता, तर पाना तिथंच ठेवून गडी बाहेर आला. साहेब ओरडले. शंकर म्हणाला, "साहेब, मिनिट म्हंजे मिनिट." हाच शंकर पूर्वी कोणी न सांगता काम पुरं करूनच घरी जायचा.

साहेबांना वाटलं, ही तात्यांची फूस. दुसऱ्याच दिवशी शंकर गाड्यांमध्ये अडकला. तात्यांनी शिपायाला बाजूला सारलं आणि साखळी न ओढता नुसती धरून ठेवली. चांगली नऊ मिनिटं. साहेब खालून ओरडतायत, आणि तात्या वरून समजूत घालतायत, "आलाच बगा, वड्यापाशी हाय." शंकर आत आला, भोंगा झाला, आणि साहेबांनी तात्यांना तिथल्या तिथं कामावरून काढलं.

तात्या जिना उतरून गेले. बायको जाऊन वीस वर्षं झालेली, मूलबाळ नाही. भोंगा काढून घेतल्यावर त्या माणसाला काय उरणार होतं? मला रात्रभर साहेबांचा संताप आला, आणि गप्प बसल्याबद्दल स्वतःचाही.

सकाळी साखळी साहेबांनी स्वतः ओढली. बरोबर आठला. फाटकाबाहेर दीडशे माणसं उभी होती. एकही आत येईना.

"भोंगा झालाय!" साहेब कडाडले.

"झाला की," शंकर म्हणाला. "पर आमचा एक मानूस यायचा हाय अजून."

मी हजेरीबुक मिटलं, साहेबांच्या टेबलावर ठेवलं आणि सायकल काढली. गेली नोकरी तर गेली, म्हटलं.

तात्या चाळीतल्या खोलीच्या उंबऱ्यावर बसले होते. अंगात कामावरचे खाकी कपडे. मला बघताच म्हणाले, "शंकर पोचला का वेळेवर?"

"सगळे पोचलेत. पण आत कोणी जात नाही. फाटकात उभे आहेत, तुमची वाट बघत."

"माजी?"

"तुमची."

तात्या चपला शोधायला लागले. समोरच होत्या, पण त्यांना दिसेनात. मी वाकून पायाशी सरकवल्या.

"माजी वाट कुनी बघितलीच न्हवती हो, भाऊसाहेब," ते म्हणाले. "लई वर्सं झाली."

मग घाईघाईनं माझ्या मागं कॅरिअरवर बसले आणि पाठीत एक बुक्की घालून म्हणाले, "हाना की जोरात! लोकं खोळंबल्यात."