राऊतकाकांची सुधारित आवृत्ती

आमच्या गल्लीत मासळी घेणं सोपं नाही. सातपाटीची जानकीबाई सकाळी पाटी उतरवते, मी पापलेटाचे कल्ले उघडून बघते, घासाघीस करून भाव ठरवते, आणि शेजारच्या ओट्यावरून आवाज येतो, "प्रश्नचिन्ह." हे आमचे राऊतकाका. पुस्तकातून मान वर न करता बोलतात. म्हणजे माझी खरेदी फसली. कधी बोंबील घेतले आणि ते त्यांना पटलं, तर "उद्गारचिन्ह" मिळतं. एकदा तर त्यांनी आधी उद्गार आणि मग प्रश्न, असं दोन्ही दिलं. जानकीबाई कमरेवर हात ठेवून उभी राहिली. "ह्यांना इचारा, माजा मावरा ताजा हाय का नाय?" काकांनी शांतपणे समजावलं, की बाई, याचा अर्थ धाडसी आहे, पण करून बघायला हरकत नाही. त्या दिवसापासून ती त्यांच्याकडे पाठ करून बसते.

हे खूळ बुद्धिबळाच्या पुस्तकांतलं. मोठ्या खेळाडूंचे डाव छापतात, तेव्हा प्रत्येक चालीपुढे जाणकार माणूस शेरा मारतो. चांगल्या चालीला उद्गारचिन्ह, चुकीच्या चालीला प्रश्नचिन्ह, घोडचुकीला दोन प्रश्नचिन्हं. काकांच्या घरी भांड्यांना एक फळी आणि या पुस्तकांना तीन कपाटं. नुसते डाव नाहीत, खेळाडूंची चरित्रंही. कोण दमेकरी होता, कोण हरल्यावर जेवत नसे, सगळं काकांना तोंडपाठ. पण त्या परदेशी नावांनी आपली जीभ अडखळते, म्हणून काकांनी सगळ्यांना आपल्यात घेऊन टाकलं आहे. ओडेसाकर, व्हिएन्नाकर, बुडापेस्टकर. "काल रात्री ओडेसाकरांनी हत्ती दिला हो," असं ते इतक्या आपुलकीने सांगतात, की माझ्या सासूबाईंनी एकदा मला बाजूला घेऊन विचारलं, ही ओडेसाकर मंडळी केळव्याकडची का, आणि त्यांच्यात लग्नाचा मुलगा आहे का.

आणि एवढं सगळं असून काका कोणाशीही खेळत नाहीत. ओट्यावर पट मांडतात, एका हातात पुस्तक धरतात आणि दुसऱ्या हाताने दोन्हीकडच्या सोंगट्या हलवतात. आमच्या ह्यांनी एकदा हौसेने समोर पाट ओढला, तर काका म्हणाले, "नको. जिवंत माणसं चाल मागे घेतात." गेलेल्या माणसांचं तसं नसतं म्हणे. त्यांनी चूक केली तरी ती चूक छापून पक्की झालेली असते.

"हात लावला की चालायची" हा बुद्धिबळातला नियम काका बाजारातही पाळतात. पालघर स्टेशनसमोरच्या दुकानात ते पांढरा सदरा घ्यायला गेले आणि हात पडला भडक जांभळ्यावर. दुकानदार म्हणाला, काका, पांढरा खाली आहे. काका म्हणाले, हात लावला. तो जांभळा सदरा घालून ते माझ्या भाचीच्या लग्नात मिरवले आणि बँडवाले त्यांना आपला माणूस समजून बाजा हातात द्यायला लागले. मी शिवणकाम करते. म्हटलं, द्या, रंगवून आणते. ऐकतील तर काका कसले.

आता या नियमाचं पुढचं सांगते, आणि ते सांगताना मला अजून राग येतो.

काकांची मुलगी सुजाता. बायको लवकर गेली, पोर काकांनीच वाढवली. वेण्या घालायला माझ्याकडे यायची, बाकी सगळं काकांनी केलं. मोठी होऊन ती बोईसरला एका कारखान्याच्या ऑफिसात लागली. एका संध्याकाळी मी काकांकडे लोणचं द्यायला गेले होते, तेव्हा ती उभ्या उभ्या म्हणाली, "बाबा, मी राकेशशी लग्न करतेय." राकेश तिच्याच कारखान्यात मशीनवर, गाव गोरखपूरकडे. काकांच्या हातात पुस्तक होतं. त्यांनी मान वर केली नाही. "प्रश्नचिन्ह," म्हणाले. मग पान उलटून म्हणाले, "दोन."

बोंबलाला प्रश्नचिन्ह दिलं की आम्ही हसतो. ती हसली नाही. पिशवी उचलून गेली ती गेलीच. रजिस्टर लग्न केलं आणि बोईसरजवळच कुंभवलीत खोली घेतली. पालघरहून बोईसर ते केवढंसं, पण ना ती आली, ना काका गेले. मी कितीदा सांगितलं. भांडले, अबोला धरला, एकदा तर त्यांचा वजीर उचलून घरी घेऊन आले. काकांचं एकच. "झालेली चाल मागे घेता येत नाही, वहिनी." गणपतीत मात्र ते दोन ताटं वाढायचे, आणि एक झाकून माझ्याकडे आणून द्यायचे. त्यात काळ्या वाटाण्याची उसळ असायची. ती काकांना मुळीच आवडत नाही. सुजाताला आवडते.

आणि गेल्या महिन्यात एक पार्सल आलं. ओडेसाकरांच्या निवडक डावांची सुधारित आवृत्ती, शेरे त्यांचे स्वतःचे. दुसऱ्या सकाळी मी जानकीबाईकडून मांदेली घेतली आणि ओट्यावरून काही आलंच नाही. प्रश्न नाही, उद्गार नाही. जानकीबाईसुद्धा वळून बघायला लागली. मला काही चैन पडेना. मांदेलीचं कालवण घेऊन मी आत गेले, तर काका पटासमोर बसलेले आणि कालचा चहा तसाच साय धरून पडलेला.

त्यांनी मला तो डाव दाखवला. जुन्या आवृत्तीत ओडेसाकरांनी समोरच्या खेळाडूच्या एका चालीला दोन प्रश्नचिन्हं दिली होती. पुढे म्हातारपणी, जायच्या आधी, त्यांनी तो डाव पुन्हा तपासला, तर ती चाल चांगलीच निघाली. डाव बिघडला होता तिच्या पुढच्या चालीला. आणि ती पुढची चाल खुद्द ओडेसाकरांची होती.

"एवढा मोठा माणूस," काका म्हणाले, "दुसऱ्यावरचं प्रश्नचिन्ह काढून स्वतःवर घेतो. तेही छापून." मग एकेक सोंगटी डब्यात भरायला लागले. मी कालवण वाढून त्यांच्यापुढे ठेवलं. शेवटी त्यांनी विचारलं, "वहिनी, तुमची स्कूटर चालू आहे ना?"

रविवारी आम्ही निघालो. काकांनी नेमका तो जांभळा सदरा घातला होता आणि मांडीवर काळ्या वाटाण्याच्या उसळीचा डबा होता. मी रिक्षाला मागे टाकलं की मागून प्रश्नचिन्ह, ट्रकला टाकलं की प्रश्नचिन्ह. मी म्हटलं, आणखी एक आलं तर उमरोळीला उतरवून देईन. त्यानंतर ते गप्प झाले, पण माझा खांदा त्यांनी इतका घट्ट धरला होता की मला कळलं, हे माझ्या गाडीला घाबरत नाहीयेत.

कुंभवलीच्या गल्लीत दार सुजातानेच उघडलं. ओढणी कमरेला खोचलेली, हाताला पीठ. काकांनी सगळ्या वाटेत काहीतरी घोकलं असणार, ते बहुतेक विसरले. म्हणाले, "सुजा, चूक तुझ्या चालीत नव्हती. पुढची चुकली. ती माझी होती. मला ती मागे घ्यायची आहे."

"हात लावला की चालायची, बाबा," ती म्हणाली. "तुम्हीच शिकवलंत."

काकांनी मान हलवली आणि डबा तिच्या हातात देऊन वळायला लागले. मी त्यांना धरणार, तेवढ्यात तिने डब्याचं झाकण उघडून बघितलं. तिचा चेहरा एकदम लहानपणीसारखा झाला. "चपला काढा बाहेर," ती म्हणाली. "आत्ताच लादी पुसलीय."

राकेश पहिली पाळी करून आला. सासऱ्याला बघून दारातच अवघडला, पाया पडला, मग बोलायला काहीतरी हवं म्हणून कपाटावरचा प्लॅस्टिकचा पट काढून म्हणाला, "बाबूजी, एक बाजी?" काका जिवंत माणसाशी खेळत नाहीत, हे त्या बिचाऱ्याला कुठून माहीत. पण काका सरकून बसले.

खेळ रंगला. राकेश काही कच्चा नव्हता. मधेच त्याने घाईत घोड्याला हात लावला आणि मग त्याला दिसलं, की घोडा हलला तर वजीर जातो. त्याचा हात तिथेच थांबला. नियम सुजाताने त्याला सांगितलेला असणार, कारण तो खाली मान घालून घोडा उचलायला लागला.

काकांनी त्याच्या हातावर हात ठेवला. "राहू दे," म्हणाले. "मागे घे. दुसरी चाल."

मोरीपाशी सुजाता भांडी विसळत होती. नळ बंद झाला.

"उद्गारचिन्ह, बाबा," ती म्हणाली.

राकेशने विचार करून उंट हलवला. आता पाळी काकांची होती. पण डोळे इतके भरले होते, की समोरचा पट काही त्यांना दिसत नव्हता.