बुवांच्या आधी बातमी

नृसिंहबुवांच्या सुदाम्याने पोह्यांची पुरचुंडी सोडली आणि देवळातल्या बायकांनी डोळ्यांना पदर लावले, असे त्र्यंबकने झोकात लिहिले, तेव्हा भर दुपार होती आणि बुवा अजून मुरगूडच्या मोटारीत होते.

त्र्यंबक सायंदैनिकात उमेदवार बातमीदार. संपादक अण्णांनी सकाळीच बजावले होते, "शनवारी तुझा महिना भरतोय. दुसऱ्यानं आधी छापलेली बातमी आणलीस, तर नोकरी इसर." पंचाईत अशी, की रामाच्या देवळातले कीर्तन चारला उभे राहायचे आणि पेपर पाचला बाजारात जायचा. थांबावे, तर बातमी उद्या सकाळचा पेपर पळवणार. पण त्र्यंबक आईच्या मांडीवरून कीर्तने ऐकत वाढलेला. सप्ताहाच्या तिसऱ्या दिवशी बुवा दर वर्षी सुदामाच लावतात, कुठे थांबतात, कुठे खाकरतात, सारे त्याला पाठ! यात खोटे ते काय? जे होणारच ते जरा आधी लिहायचे, इतकेच.

खिळे जुळवता जुळवता कंपोझिटर शमशुद्दीनचाचा म्हणाले, "त्र्यंबक, बुवा अजून आलं न्हाईत की रं!"

"येत्यात की, चाचा. तवर तुमी जुळवा."

"माणूस पाठीमागं आन बातमी म्होरं! असलं मी पैल्यांदाच जुळवतोय."

चारला त्र्यंबक देवळात खांबाला टेकून बसला. पूर्वरंग असा काही रंगला, की आपण बातमीदार आहोत हेच तो विसरला. नामाची गोडीच तशी. तिथे कुणाला स्वतःची आठवण राहते? मध्यंतरात बुवांना बुक्का लागला, गळ्यात हार पडला. बुवा हसून म्हणाले, "दर वर्षी सुदामा ऐकून कंटाळला असाल. यंदा राजा हरिश्चंद्र ऐकू या."

त्र्यंबक खांबाआड सरकला. तेवढ्यात दाराशी आरोळी उठली, "ताजा पेपर! बुवांचं कीर्तन रंगलं!"

मागच्या रांगेने पेपर घेतला. एका पेन्शनरांनी बातमी मोठ्याने वाचली. दारात फुले विकणारी तानाबाई पुढेच बसली होती. ती म्हणाली, "बुवा, हरिश्चंद्र ऱ्हाऊ द्या. तुमचा सुदामा सांगून झालाय, आन आमी रडूनबी झालोय!"

बुवांनी पेपर मागवला, चष्मा लावला. "'श्रोते साश्रू नयनांनी घरोघर परतले.' काय हो, परतलात?"

"न्हाई जी, हितंच हाय!" सगळे देऊळ ओरडले.

"आणि हे बातमीदार कोण?"

सगळ्या माना खांबाकडे वळल्या. दाराकडे पळावे, तर तिथे अण्णा उभे. हातात पेपर, तोंड लालबुंद. बुवांनी गळ्यातला हार काढून त्र्यंबकच्या गळ्यात घातला, हातात चिपळ्या दिल्या. "माझा सुदामा तुम्ही माझ्याआधी ऐकून आलात. आता आम्हालाही ऐकवा."

त्र्यंबकने रामाकडे पाहिले, डोळे गच्च मिटले आणि तोंड उघडले. डोळे उघडले ते थेट आरतीला.

देवळाच्या पायरीवर अण्णांनी गाठलेच. "उद्या दुरुस्ती छापायची. खरं काय झालं ते लिही. जमलं न्हाई, तर शनवारपतूर थांबूबी नकोस."

दुसऱ्या दिवशी सकाळी त्र्यंबक टाक घेऊन बसला, तर काही म्हणता काही आठवेना. शेवटी तो उठून तानाबाईकडे गेला.

"आक्का, काल कीर्तन कसं झालं?"

"आरं, करणारा तू, आन मला इचारतोस व्हय?"

"माझं डोळं मिटलेलं हुतं."

"मंग ऐक. सुरवातीला तुजा आवाज बोकडागत फाटला. सुदाम्याच्या बायकूला दोनदा रुक्मिणी म्हणालास. बुवांनी मागनं सांगितलं, तवा सुदारलास."

"बायका रडल्या?"

"कुठल्या रडत्यात! हसून हसून बरगड्या दुखल्या. पर देवानं पोहं तोंडात घातलं न्हवं, तवा तुज्याच डोळ्यातनं पाणी आलं. मंग समदी गप झाली. बुवांनीबी उपरण्यानं डोळं पुसलं."

त्र्यंबक तिथून तबलजीकडे गेला, पेन्शनरांकडे गेला, बुवांच्या बिऱ्हाडीही जाऊन आला. ज्याने जे सांगितले ते विचारून, पुन्हा विचारून, त्याने उतरवले.

अण्णांनी मजकूर वाचला आणि एका शब्दावर बोट ठेवले. "बोकडागत? हे छापायचं? तुझ्याच आवाजाबद्दल?"

"तानाआक्का तसंच म्हणाल्या. तबलजीबी."

अण्णांची लाल पेन्सिल बराच वेळ कागदावर अधांतरी राहिली. मग त्यांनी ती कानावर खोचली आणि कागद शमशुद्दीनचाचांपुढे सरकवला. उमेदवाराच्या मजकुराखाली बातमीदार म्हणून कधी काही छापत नसत, म्हणून चाचांनी तो तसाच जुळवायला घेतला.

"थांबा, चाचा," अण्णा म्हणाले, "खाली एक ओळ घाला. 'आमच्या बातमीदाराकडून.'"