केळीचे चार खुंट

ज्या माणसानं गुंजवण्याच्या दोन पिढ्यांना दशांश अपूर्णांक शिकवले, त्याला केळ्याचे काप जमणार नाहीत? निघाले मोठे!

हे मी नातीला, सृष्टीला, मोबाईलवर ऐकवलं होतं. ती आई-बाबांबरोबर नैरोबीत असते. पैज अशी, की रविवारी तिनं तिकडे आणि मी इकडे कच्च्या केळ्याचे मसालेदार काप ओव्हनमध्ये भाजायचे, सोबत तिकडच्या पद्धतीचं शेंगदाण्याचं डिप करायचं आणि पाच वाजता एकमेकांना दाखवायचं. डिप म्हणजे आपली दाण्याची चटणीच, टोमॅटो घालून पातळ केलेली. ओव्हन मुलानं, शौनकनं, पाठवलेला. आजवर त्यात मी पापड ठेवत होतो. नात आठवड्यातून एकदा बोलते, तेही दोन मिनिटं. काप जमले तर दहा मिनिटं नक्की बोलेल, असा माझा हिशेब होता.

रविवारी विंझरचा गोरख, माझा जुना विद्यार्थी, टेम्पोतून केळीचा घड घेऊन आला. सोबत चार खुंटही.

"घड उतरवला की झाड कापावंच लागतं, गुर्जी. आज चार उतरवले. ह्ये कुठं टाकू?"

"राहू दे दारात."

इथंच घात झाला. मी तेलाच्या हातानं केळी सोलली, तिखट-जिरं चोळून काप ओव्हनमध्ये सरकवले आणि बाहेर येतो तो दारात शेजारच्या सगुणाबाई! न्हाऊन-माखून, नवी साडी, हातात नारळ. मागे निम्मी आळी.

"बोलवलं न्हाई तरी आलो बगा. सत्यनारायणाच्या परसादाला बोलावणं लागत न्हाई."

मी खुंटांकडे पाहिलं. पूजेच्या चौरंगाला बांधतात तसे नेमके चार.

"शौनक कवा आला? सूनबाई कुठं हाय?" सगुणाबाई घरात डोकावल्या.

आता कळलं. पूजेला जोडपं लागतं, आणि आमच्या घरातलं जोडपं आमची ही गेल्यापासून मोडलेलं. तेव्हा मुलगा-सून आल्याशिवाय खुंट कसे येतील, असा गावानं ताळा केला होता. तिथंच चूक सुधारायला हवी होती. पण दारात इतक्या चपला मी कित्येक दिवसांत पाहिल्या नव्हत्या.

"येतील इतक्यात," मी म्हणालो.

मग काय, सतरंज्या अंथरल्या. चौरंग मांडून खुंट बांधले. गोरखनं परस्पर वेल्ह्याच्या भटजींना फोन लावला. तेवढ्यात ओव्हन टण्णकन वाजला.

"परसाद झाला जणू," आळीतला भिमा म्हणाला, आणि पटापट तळहात पुढे आले.

पूजेआधी प्रसाद कसा, हे विचारायला कोणी थांबलं नाही. मीही वाटत सुटलो. प्रसादाला नाही म्हणता येत नाही, म्हणून भिमानं काप डिपसकट कपाळाला लावून तोंडात टाकला. त्याच्या डोळ्यांतून पाणी आलं.

"गुर्जी, ह्यात लसूण हाय का?"

"तिकडची पद्धत आहे," मी म्हणालो.

इतक्यात मोबाईल वाजला. पडद्यावर सृष्टी, आणि तिच्यामागे अर्ध्या चड्डीत सोफ्यावर घोरणारा शौनक. सगुणाबाईंनी वाकून पाहिलं. मग माझ्याकडे पाहिलं.

"आजोबा, तुमचे काप दाखवा ना."

मी ट्रे उचलला. त्यात जिऱ्याचे दोन दाणे होते.

"केलेच नाहीत ना तुम्ही? मी जिंकले," म्हणून ती हसली.

"केलं व्हतं, बाळा," सगुणाबाई फोनला म्हणाल्या. "आमी समद्यांनी खाल्लं. भिमाकाका रडतोय बग अजून."

पण तिला कोणीतरी हाक मारली. फोन बंद झाला. दोन मिनिटंही झाली नव्हती.

सगुणाबाईंनी नारळ हळूच कोनाड्यात ठेवला. "येतो गुर्जी," म्हणत एकेकानं चपला घातल्या. सतरंज्यांची घडी मात्र करून गेले.

दिवेलागणीला मोटारसायकल थांबली. भटजी पिशवी सावरत आत आले.

"यजमान कुठायत?"

"नैरोबीला."

"आणि मंडळी?"

"प्रसाद घेऊन गेली."

"मग मी करू काय, गुरुजी?"

"बसा," मी म्हणालो. "चहा टाकतो. घाई नाही ना तुम्हाला?"