आनंदाबाईंचा डबा

धम्मदीप सरांनी वर्ध्यात जन्मभर कायदा शिकवला आणि निवृत्त झाल्यावर कॅमेरा विकत घेतला. कायद्यावरचे त्यांचे जाडजूड ग्रंथ कोणी वाचले नाहीत, म्हणून म्हणे आता माहितीपट. विषय ठरला, 'म्हातारपणातला एकटेपणा'. त्यासाठी सेलूच्या आनंदाबाई सापडल्या. नवरा नाही, मूलबाळ नाही, एका खोलीचं घर. सरांना मनातून फार बरं वाटलं, आणि मग बरं वाटल्याची लाज वाटली.

पहिल्याच दिवशी बाईंनी विचारलं, "सर, तुमच्या घरी कोण कोण हाये?"

"सगळे आहेत," सर म्हणाले.

बायको वारली होती, मुलगी परदेशात. खोट्या साक्षीवर व्याख्यानं देणारा माणूस, पण 'कोणी नाही' एवढं काही त्याच्या तोंडून निघेना.

आनंदाबाई एकट्या जेवतायत, असं दृश्य हवं होतं. त्यांनी पहिला घास उचलला आणि शेजारची दीपमाला ठेचा घेऊन आली. पुन्हा सुरुवात केली, तर समोरचे रूपराव आज काय केलं म्हणत ताटापाशीच बसले. सरांनी गल्लीला हात जोडले. गल्ली समजूतदार, सगळे कॅमेऱ्यामागे दाटीवाटीनं उभे राहून बाईंचा एकटेपणा बघू लागले. कशी एकटी बसली व माय, म्हणत दीपमालानं डोळ्याला पदर लावला, तशा आनंदाबाई फस्सकन हसल्या. दुसऱ्या दिवशी सरांनी दार आतून लावून घेतलं. भरदिवसा बाईंचं दार बंद बघून रूपराव थेट डॉक्टरलाच घेऊन आले.

त्या दिवशी निघताना बाईंनी पातोडीची भाजी डब्यात घालून दिली. स्टीलचा डबा, वर त्यांचं नाव कोरलेलं. शेजारधर्माचा डबा रिकामा परत करायचा नसतो, हे सरांना ठाऊक होतं. आणि आपल्याला चहापलीकडे काही येत नाही, हेही. डब्याची आठवण निघाली तेव्हा ते बोलून गेले, की मिसेस लाडू करणार आहेत. झालं! अख्खी गल्ली लाडवांची वाट बघू लागली.

एकटेपणा मात्र कॅमेऱ्यात येईना. शेवटी सरांनी एका सकाळी आपल्याच स्वयंपाकघरात कॅमेरा लावला. एक ताट, एक पेला, कालची पोळी खाणारा पाठमोरा माणूस. मधे कोणी आलं नाही. एकदाही थांबावं लागलं नाही, याचं सरांना फार वाईट वाटलं.

माहितीपट सेलूच्या बुद्धविहारात भिंतीवर दाखवला. आपलीच गल्ली बघून लोक पोट धरून हसले. मग ते स्वयंपाकघर आलं, तो पाठमोरा माणूस जेवू लागला.

"कोण हाये हा?" आनंदाबाईंनी भिंतीकडे बोट केलं. "काऊन एकटा जेवून राह्यला? याले शेजारपाजार नाई का?"

दीपमाला उठून भिंतीजवळ गेली. "मावशी, ओट्यावर तुहा डबा हाये. नाव दिसून राह्यलं."

सगळ्यांनी वळून सरांकडे पाहिलं. आपल्याच विरुद्धचा पुरावा एवढ्या हौसेनं भिंतीवर दाखवणारा आरोपी सरांनी कुठल्याच पुस्तकात वाचला नव्हता. त्याचं असं आहे, म्हणून त्यांनी सुरुवात केली, पण कसं आहे ते सांगता येईना. आनंदाबाईंनी लाडवांचं विचारलं नाही, मिसेसचंही नाही.

"सर," त्या म्हणाल्या, "तो डबा रिकामाच घेऊन येत जा. रोज."

सरांनी चष्मा काढून पुसला, पुन्हा पुसला.

"माझी काही हरकत नाही," ते म्हणाले.